रोमान्स भाषा नेमक्या किती मोजायच्या, आणि सार्डिनियनला कोणत्या फांदीवर बसवायचे?

अर्धस्वर

नमस्कार. गेली काही वर्षे मी आधी स्पॅनिश आणि नंतर इटालियन शिकत आले आहे, आणि आता आमच्या छोट्या अभ्यासगटासाठी रोमान्स भाषांची ओळख करून देणारे टिपण लिहिण्याचे काम माझ्याकडे आले आहे. पहिल्या पानावर लॅटिनपासून फुटलेल्या भाषांचा वंशवृक्ष काढावा आणि मग एकेका फांदीविषयी लिहीत जावे, असा सरळ बेत होता. परंतु वृक्ष काढायला बसले ती अजून पहिल्याच पानावर आहे. जुन्या धाटणीच्या पुस्तकांत पाच-सहा भाषा सापडतात, तर अलीकडच्या याद्यांमध्ये चाळिसांच्या घरात नावे आहेत, आणि त्यांपैकी पिएमोंतेसे, नापोलीची भाषा, वालों, गास्कों अशी कितीतरी नावे दुसरीकडे कुठल्यातरी मोठ्या भाषेची बोली म्हणून नोंदलेली दिसतात. ही संख्या ठरवण्याचा काही मान्य निकष आहे, की ज्याने त्याने आपापल्या सोयीने मोजायचे?

दुसरी अडचण सार्डिनियनची, म्हणजे इटलीच्या सार्डिनिया बेटावरच्या भाषेची आहे. इटलीच्या नकाशावर ला स्पेत्सिया ते रिमिनी अशी एक रेषा ओढून तिच्या वरच्या बाजूला पश्चिम रोमान्स आणि खालच्या बाजूला पूर्व रोमान्स, अशी विभागणी वाल्टर फॉन वार्टबुर्ग या भाषाशास्त्रज्ञांनी मांडल्याचे वाचले. पश्चिमेकडे अनेकवचन स् लावून होते आणि स्वरानंतर येणारी क, त, प ही कठोर व्यंजने मृदू होतात. पूर्वेकडे अनेकवचनासाठी अंत्य स्वर बदलतो आणि कठोर व्यंजने तशीच राहतात. शेळीसाठी असलेला लॅटिन शब्द 'काप्रा' घेतला तर हे छान दिसते, कारण स्पॅनिशमध्ये 'काब्रा' आणि अनेकवचनी 'काब्रास' होते, तर इटालियनमध्ये 'काप्रा' आणि 'काप्रे'. मग सार्डिनियाच्या मध्यभागी, नुओरोच्या परिसरात, हाच शब्द 'क्रापा' आणि 'क्रापास' असा कसा? यातला प पूर्वेकडचा आहे आणि शेवटचा स् पश्चिमेकडचा. मी ही भाषा रेषेच्या कोणत्या बाजूला लिहू?

नकाशावाला

अर्धस्वर, पहिल्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो. असा सर्वमान्य निकष नाही, आणि तो का सापडत नाही हे भाषाविज्ञानाला ज्या भाषांच्या अभ्यासातून सर्वांत स्पष्टपणे उमगले, त्या याच भाषा आहेत. फ्रीड्रिख डीत्स यांनी १८३६ पासून रोमान्स भाषांचे तौलनिक व्याकरण प्रसिद्ध करायला सुरुवात केली तेव्हा त्यांनी सहा भाषा घेतल्या: इटालियन, स्पॅनिश, पोर्तुगीज, दक्षिण फ्रान्समधील प्रोव्हान्साल, फ्रेंच आणि रुमानियन, जिला ते वालाखियन म्हणत. व्याकरणाचे वेगळेपण किंवा साहित्याचे महत्त्व, या दोहोंपैकी एक तरी ज्या भाषेत दिसेल ती घ्यावी, असे त्यांनी उघड सांगितले आहे. म्हणजे मोजणीच्या पहिल्याच खेपेला दोन वेगवेगळी मापे वापरली गेली, आणि त्यातले साहित्याचे माप भाषेच्या रचनेविषयी काहीच सांगत नाही.

या मोजणीला खरा हादरा बसला तो नकाशांमुळे. ज्यूल झिल्येरों या मूळच्या स्विस अभ्यासकाने फ्रान्सच्या बोलींचा नकाशासंग्रह करण्याचे ठरवले आणि पाहणीसाठी एदमों एदमों या गृहस्थांना निवडले. (नाव आणि आडनाव लिहिताना वेगळे आहेत, उच्चारात मात्र सारखेच.) हे एदमों उत्तर फ्रान्समधील एक किराणा व्यापारी होते; भाषाशास्त्राचे शिक्षण त्यांना नव्हते, परंतु कान विलक्षण तयार होता, आणि ऐकले ते दुरुस्त न करता जसेच्या तसे टिपणारा माणूसच झिल्येरोंना हवा होता. १८९७ ते १९०१ या काळात एदमों यांनी ६३९ ठिकाणी जाऊन तेच ते प्रश्न विचारले, आणि १९०२ ते १९१० मध्ये ते नकाशे प्रसिद्ध झाले. दर नकाशावर एकच शब्द किंवा एकच वाक्प्रयोग आणि त्याची सर्व गावांतली रूपे. हे नकाशे एकावर एक ठेवून पाहिले तर बोलींच्या सीमा दिसतील अशी अनेकांची अपेक्षा असणार, पण दिसले असे की प्रत्येक शब्दाची आणि प्रत्येक ध्वनिबदलाची सीमारेषा आपापल्या वाटेने जाते, कुठे दोन-चार रेषा एकत्र येतात आणि पुढे पुन्हा पांगतात.

त्यातला एक नकाशा मला फार आवडतो. दक्षिण-पश्चिम फ्रान्समधील गास्कों बोलीत लॅटिन शब्दाच्या अखेरचा दुहेरी ल बदलून त् झाला, म्हणून 'सुंदर' या अर्थाचा 'बेल्लुस' तिथे 'बेत्' झाला. याच नियमाने कोंबड्यासाठीचा 'गाल्लुस' हा शब्द 'गात्' व्हायला हवा होता. परंतु मांजरासाठीचा 'कात्तुस' हासुद्धा तिथे 'गात्' झालेला होता. कोंबडा आणि मांजर यांना एकच नाव असलेल्या खुराड्याची अवस्था काय होईल, याची कल्पना करावी! नकाशा सांगतो की जिथे जिथे ल चा त् झाला, नेमक्या त्याच पट्ट्यात कोंबड्याचे जुने नाव लोकांनी सोडून दिले; कुठे त्याला 'तितर' जातीच्या मोठ्या पक्ष्याचे, म्हणजे फेझंटचे नाव दिले, तर कुठे 'बिगेय' म्हणू लागले, जो शब्द 'विकारियुस' म्हणजे दुसऱ्याच्या वतीने काम पाहणारा अधिकारी यापासून आला आहे. शब्दाचा हा इतिहास कोणत्याही वंशवृक्षातून दिसला नसता. तो शेजारच्या गावांची तुलना केल्यानेच कळतो.

तेव्हा पोर्तुगालच्या उत्तर टोकापासून गालिसिया, आस्तुरियास, आरागोन, कातालोनिया, दक्षिण फ्रान्स आणि मग इटलीच्या तळापर्यंत गावागावाने जाणारी एक साखळी आहे, असे समजावे. प्रत्येक गावाला शेजारच्या गावाचे बोलणे कळते, पण दोन टोकांना एकमेकांचे कळत नाही. या साखळीत कडी कुठे तोडायची हे भाषेने ठरवलेले नाही. स्पेनमध्येच पाहा: उत्तरेकडे बोली एकमेकींत मुरत जातात, आणि दक्षिणेकडे पोर्तुगीज व स्पॅनिश यांच्यातील सीमा बरीच ठळक आहे, कारण मध्ययुगात मुस्लिम राज्ये मागे हटत गेली तसतशा उत्तरेतील बोली तिथल्या वस्तीबरोबर खाली सरकल्या आणि आधीच्या स्थानिक रोमान्स बोली नाहीशा झाल्या. एकाच द्वीपकल्पात साखळीही आहे आणि भिंतही आहे.

आणि ज्या रेषेने तुम्हाला अडवले आहे ती रेषासुद्धा वाटते तितकी सरळ नाही. मिलानच्या परिसरातील बोलींत व्यंजने मृदू होतात, परंतु अनेकवचनाला आज स् लागत नाही. म्हणजे दोन लक्षणे सार्डिनियाला पोहोचण्याआधी मुख्य भूमीवरच फुटली आहेत. खुद्द प्रमाण इटालियनमध्ये 'फोकुम' (विस्तव) चा 'फुओको' होऊन क टिकला, तर 'लाकुम' (तळे) चा मात्र 'लागो' झाला. रेषा थोडी खाली, मास्सा ते सेनिगाल्लिया अशी ओढावी, असे नंतर काही अभ्यासकांनी सुचवले. सार्डिनियनने नियम मोडला असे म्हणण्यापेक्षा, दोन स्वतंत्र रेषांना आपण एकच रेषा समजत होतो, असे म्हणणे मला अधिक योग्य वाटते.

धातुपाठ

नकाशावाला यांच्या विवेचनाशी बहुतांशी सहमत असूनही, वंशवृक्ष काढूच नये असा त्यातून निघणारा ध्वनी मला मान्य नाही. हा वाद नवा नाही. हुगो शुखार्ट यांनी १८७० मध्ये लाइपझिग येथील व्याख्यानात रोमान्स बोलींचे वर्गीकरण अशक्य असल्याचे मांडले होते आणि ते व्याख्यान तीस वर्षांनी छापले गेले. तरीही त्यानंतरच्या सर्व पिढ्यांनी वृक्ष काढलेच, कारण काही बदल इतके जुने आणि इतके मूलभूत असतात की त्यांच्याभोवती फांद्या खरोखरच दिसतात. प्रश्न फक्त कोणत्या लक्षणाला वजन द्यायचे हा आहे.

सार्डिनियनच्या बाबतीत मी अनेकवचन आणि व्यंजने दोन्ही बाजूला ठेवीन आणि स्वर पाहीन. लॅटिनमध्ये ऱ्हस्व आणि दीर्घ असे स्वरांचे दोन संच होते, आणि तो भेद बोलण्यातून गेल्यावर कोणता स्वर कोणात मिसळला यावरून तीन गट पडतात. 'फुर्का' म्हणजे दोन दात्यांचा पंजेठा आणि 'विरिदेम' म्हणजे हिरवा, हे दोन शब्द घ्यावेत. पहिल्यात ऱ्हस्व उ आहे आणि दुसऱ्यात ऱ्हस्व इ. इटालियनमध्ये 'फोर्का' आणि 'वेर्दे' झाले, म्हणजे उ चा ओ आणि इ चा ए, दोन्ही बदलले; पश्चिमेकडील बहुतेक भाषांचा पाया हाच आहे. सार्डिनियनमध्ये 'फुर्का' आणि 'बिर्दे' किंवा 'विर्दे' राहिले, म्हणजे दोन्ही स्वर जागच्या जागी आहेत. रुमानियनमध्ये उ टिकला पण इ चा ए झाला: पहिल्या शब्दात उ तसाच आहे आणि दुसरा शब्द इटालियनप्रमाणे 'वेर्दे' आहे. हा भेद एखाद्या शब्दापुरता नाही. तो जवळजवळ संपूर्ण शब्दसंग्रहात, आघातयुक्त स्वरांमध्ये, शिस्तीने दिसतो. त्यामुळे सार्डिनियन पूर्व की पश्चिम हा प्रश्नच गैरलागू ठरतो. बाकीच्या भाषा पूर्व-पश्चिम अशा फुटण्यापूर्वीच ती बाजूला झाली, असे मानणारे अभ्यासक पुष्कळ आहेत आणि मी त्यांच्या बाजूचा आहे. ए, इ या स्वरांआधी येणाऱ्या क, ग यांची कथाही तशीच आहे. 'शंभर' या अर्थाचा लॅटिन 'केंतुम' इटालियनमध्ये 'चेंतो' झाला, फ्रेंचमध्ये तर 'सां' इतकाच उरला. मध्य सार्डिनियात तो आजही 'केंतु' आहे.

प्रामाणिकपणे सांगायचे तर माझ्या या मांडणीतही एक काटा आहे, आणि तो लपवणे बरोबर नाही. दक्षिण इटलीत बाझिलिकाता आणि कालाब्रिया यांच्या सीमेवर डोंगराळ प्रदेशाचा एक पट्टा आहे, ज्याचे वर्णन हाइनरिख लाउसबेर्ग यांनी १९३९ मध्ये केले. तिथल्या बोलींत स्वरांची व्यवस्था सार्डिनियनसारखी आहे. आणि त्याच बाझिलिकातात, कास्तेलमेद्झानो या गावाच्या आसपास, रुमानियनसारखी व्यवस्था सापडते. एवढ्याशा मुलखात तिन्ही व्यवस्था जवळजवळ नांदतात. केवळ स्वर पाहून फांद्या पाडायच्या म्हटल्यास या गावांना सार्डिनिया आणि रुमानियाच्या फांद्यांवर बसवावे लागेल, आणि तसे कोणी करत नाही.

म्हणूनच एक पथ्य पाळावे लागते, जे नवशिक्या वाचकाला फार उशिरा सांगितले जाते: दोन भाषांनी जुने काही सारखेच जपून ठेवले असेल तर त्यावरून त्या जवळच्या ठरत नाहीत, दोघींनी मिळून काही नवे केले असेल तरच त्याला पुरावा म्हणून किंमत आहे. जुनी वस्तू दोन घरांत सापडली म्हणजे ती घरे सख्ख्या भावांची असतातच असे नाही.

याचे गाजलेले उदाहरण म्हणजे आल्प्समधील भाषांचा वाद. ग्रात्सियादियो इसाया आस्कोली यांनी १८७३ मध्ये स्वित्झर्लंडमधील रोमांश, दोलोमिती पर्वतांमधील लादिन आणि ईशान्य इटलीतील फ्रिउलियन या तिन्ही मिळून एक भाषासमूह होतो असे मांडले. त्यांनी दाखवलेल्या खुणांपैकी एक म्हणजे शब्दारंभीचा क्ल टिकणे: किल्लीसाठीचा लॅटिन 'क्लावेम' इटालियनमध्ये 'क्यावे' झाला, पण फ्रिउलियनमध्ये 'क्लाफ' आहे. त्यावर कार्लो बात्तिस्ती यांचा आक्षेप असा की हा क्ल एके काळी संपूर्ण उत्तर इटलीत होता, सपाटीवर तो बदलला आणि डोंगरात राहिला. त्यामुळे हे नात्याचे लक्षण नसून आडगावात टिकलेला जुनेपणा आहे. जुन्या लोम्बार्द आणि व्हेनेशियन लेखनात क्ल खरोखरच सापडतो, त्यामुळे या विशिष्ट मुद्द्यावर बात्तिस्तींचे म्हणणे मला पटते. त्यातून इटलीच्या राष्ट्रवाद्यांनी जो निष्कर्ष काढला, की या भाषा म्हणजे इटालियनच्याच बोली आणि म्हणून तो प्रदेशही इटलीचा, तो मात्र भाषाशास्त्राचा निष्कर्ष नव्हता.

अर्धस्वर

दोघांचेही मनापासून आभार. 'फुर्का' आणि 'विरिदेम' ही जोडी मी टिपणात नक्की घेणार आहे. आता दोन उपप्रश्न. लॅटिनपासून कोणती भाषा किती दूर गेली याची टक्केवारी मी अनेक ठिकाणी पाहिली: सार्डिनियन ८, इटालियन १२, स्पॅनिश २०, रुमानियन साडेतेवीस, पोर्तुगीज ३१ आणि फ्रेंच ४४. हे आकडे विश्वासार्ह असतील तर फांद्यांची लांबी तरी त्यावरून काढता येईल. आणि निकष मिळत नसेल तर कायद्याने ज्यांना भाषा म्हटले आहे त्याच मोजल्या, असे केले तर चालेल का?

टाचण

आकड्यांपुरते लिहितो. ते मारियो पेई यांच्या १९४९ मधील लेखातले आहेत आणि आकडे म्हणून बरोबर आहेत. चूक आहे ती त्यांच्या वापरात. पेई यांनी केवळ आघातयुक्त स्वरांची तुलना केली होती आणि अशा मोजमापाची पद्धत कशी असू शकेल याचा नमुना म्हणून ती मांडली होती. व्यंजने, विभक्ती, क्रियापदे, वाक्यरचना आणि शब्दसंग्रह यांचा त्यात समावेश नाही. रुमानियनचेच पाहा: संज्ञांच्या विभक्तीचा काही अंश जपणारी ती एकमेव मोठी रोमान्स भाषा आहे, पण या आकड्यांत तिला त्याचे श्रेय मिळत नाही, उलट तिने निश्चित उपपद शब्दाच्या शेवटी जोडण्याची जी पद्धत स्वीकारली, जसे 'लुप' म्हणजे लांडगा आणि 'लुपुल' म्हणजे तो लांडगा, त्याचा भारही तिच्यावर पडत नाही. धातुपाठ यांनी सांगितलेली स्वरांची व्यवस्था लक्षात घेतली तर सार्डिनियनला सर्वांत कमी आकडा मिळणे हे आधीच ठरलेले होते, असेही म्हणता येईल. फांद्यांची लांबी यावरून काढू नये.

वेस

कायद्याविषयीच्या प्रश्नावर थोडे लिहिते. कायद्याच्या याद्या मोजल्या तर आकडा मिळेल, परंतु तो दर सीमेला बदलेल. इटलीच्या १९९९ च्या ४८२ क्रमांकाच्या कायद्याने बारा अल्पसंख्य भाषांना संरक्षण दिले. त्यांतील सात रोमान्स आहेत: कातालान, फ्रेंच, फ्रँको-प्रोव्हान्साल, फ्रिउलियन, लादिन, ऑक्सितान आणि सार्डिनियन. व्हेनेशियन, नापोलीची भाषा, सिसिलियन, पिएमोंतेसे, लोम्बार्द यांना त्या यादीत जागा नाही, जरी त्यांपैकी अनेकींचे बोलणारे यादीतील बऱ्याच भाषांच्या तुलनेत कितीतरी अधिक आहेत. गंमत अशी की, सार्डिनियाच्या आल्गेरो या एकट्या शहरात बोलली जाणारी कातालान त्या यादीत आहे, कारण तिच्यामागे दुसऱ्या देशात मान्यता पावलेली प्रमाणभाषा उभी आहे.

स्वित्झर्लंडमध्ये २० फेब्रुवारी १९३८ रोजी झालेल्या मतदानाने रोमांशला चौथ्या राष्ट्रभाषेचा दर्जा मिळाला. वर धातुपाठ यांनी ज्या राष्ट्रवादी दाव्याचा उल्लेख केला, त्याला दिलेले ते उत्तरही होते. पण ही एक भाषा पाच वेगवेगळ्या लेखी रूपांत लिहिली जात होती, आणि त्या पाचांवर उपाय म्हणून हाइनरिख श्मिड यांनी १९८२ मध्ये 'रुमांच ग्रिशुन' हे सामाईक लेखी रूप तयार केले. सरकारी कागदपत्रांत ते रुळले. शाळांत मात्र ते आणल्यावर अनेक गावांनी काही वर्षांत पुन्हा आपापल्या रूपाकडे जाणे पसंत केले. आता ती एक भाषा मोजायची, पाच की सहा?

याच्या उलट बाजूचे उदाहरण मोल्दोव्हाचे. तिथली प्रमाणभाषा आणि बुखारेस्टची प्रमाणभाषा यांत व्याकरणाच्या दृष्टीने नाव घेण्याजोगा फरक नाही. सोव्हिएत काळात तिला सिरिलिक लिपी आणि 'मोल्दोव्हन' हे वेगळे नाव दिले गेले. १९८९ मध्ये लॅटिन लिपी परत आली, २०१३ मध्ये तिथल्या घटनात्मक न्यायालयाने राज्यभाषा रुमानियन असल्याचा निर्णय दिला आणि २०२३ मध्ये संसदेने कायद्यांमधील नावही बदलले. म्हणजे एक अक्षरही न बदलता रोमान्स भाषांची संख्या एकाने कमी झाली. भाषेचे नाव हे बोलणाऱ्यांच्या दृष्टीने फार मोलाचे असते, आणि मी त्याला क्षुल्लक म्हणणार नाही; पण तुमच्या वृक्षावर ते ध्वनिबदलाच्या शेजारी ठेवता येत नाही.

नकाशावाला

वेस यांनी नेमके सांगितले. धातुपाठ यांच्या जपलेले आणि नवे केलेले या भेदालाही माझा आक्षेप नाही. तो मी आधीच सांगायला हवा होता. माझी सूचना इतकीच की टिपणात वृक्षाशेजारी एक तक्ताही ठेवावा, ज्याच्या उभ्या रांगेत भाषांची नावे आणि आडव्या रांगेत लक्षणे असतील. त्यात मोठ्या पाच भाषांच्या जोडीने छोट्या बोलीही घ्याव्यात, कारण रोमान्स भाषांमधील सर्वांत विलक्षण व्याकरण बहुतेक वेळा त्यांच्यातच सापडते.

एक लक्षण सुचवतो. पूर्ण झालेली क्रिया सांगताना कोणते सहायक क्रियापद घ्यायचे, 'असणे' की 'जवळ असणे', यावर या भाषा फार वेगवेगळ्या वाटांनी गेल्या. स्पॅनिशने एकच ठेवले. इटालियन आणि फ्रेंच क्रियापद पाहून ठरवतात. जाणे-येणे यांना एक, लिहिणे-खाणे यांना दुसरे. पण मध्य इटलीतील आब्रुत्सोच्या अनेक बोली क्रियापदाकडे पाहतच नाहीत, त्या कर्ता कोण आहे ते पाहतात: 'मी' आणि 'तू' असेल तर 'असणे', आणि 'तो' किंवा 'ती' असेल तर 'जवळ असणे'. इटालियन शिकलेल्या माणसाला हे विचित्र वाटते, परंतु मराठी बोलणाऱ्याला वाटू नये. 'मी पत्र लिहिले', 'तू पत्र लिहिलेस', पण 'त्याने पत्र लिहिले': 'ने' हा प्रत्यय आपणही तृतीय पुरुषातच दाखवतो. दोन्हींचा एकमेकींशी संबंध नाही, यंत्रणाही वेगळी आहे, तरी फट मात्र त्याच जागी पडली आहे.

दुसरे लक्षण भविष्यकाळाचे. लॅटिनचा जुना भविष्यकाळ सर्वत्र बुडाला आणि 'गाणे' अधिक 'माझ्याकडे आहे' अशा जोडणीतून नवा तयार झाला, जो स्पॅनिशमध्ये 'कांतारे', इटालियनमध्ये 'कांतेरो' आणि फ्रेंचमध्ये 'शांतरे' असा एकजीव झाला. सार्डिनियनमध्ये 'आप्पो आ कांतारे' असे त्याचे दोन भाग आजही सुटे आहेत, आणि रुमानियनने 'इच्छिणे' या क्रियापदावरून 'वोय कींता' असा वेगळाच मार्ग धरला. पोर्तुगीज मात्र दोन्हींच्या मध्ये उभी आहे: बोलताना एकजीव, पण पोर्तुगालच्या औपचारिक लेखनात 'मी त्याला देईन' यासाठी 'दार-ल्यी-एय' असे लिहितात, म्हणजे 'त्याला' हे सर्वनाम धातू आणि प्रत्यय यांच्या मधोमध बसते. दीड हजार वर्षांपूर्वीचा सांधा अजून उघडा आहे आणि त्यात बोट घालता येते! असा तक्ता केला की आल्प्सची भाषा एका ओळीत फ्रेंचशेजारी, दुसऱ्या ओळीत व्हेनेशियनशेजारी दिसेल, आणि ते चुकीचे नसेल.

अर्धस्वर

आब्रुत्सोचे उदाहरण वाचून दोन मिनिटे थांबले, कारण मराठीतली ती फट मी कधी फट म्हणून पाहिलीच नव्हती. वृक्ष आणि तक्ता दोन्ही ठेवीन, आणि वृक्षावर सार्डिनियनची फांदी सर्वांत खाली, बुंध्याजवळ काढीन. एकच शेवटची शंका. आड्रियाटिक किनाऱ्यावरची डाल्मेशन ही नामशेष भाषा काही वृक्षांत रुमानियनशेजारी, तर काहींत इटालियनशेजारी आहे. मी वाचले की तिच्यातही क जुन्यासारखाच टिकला होता. मग ती सार्डिनियनजवळ का नाही?

धातुपाठ

याचे उत्तर वरच्या पथ्यातच आहे, पण आधी पुरावा किती आहे ते पाहा. डाल्मेशनची उत्तरेकडील बोली क्र्क बेटावरची, ज्या बेटाचे इटालियन नाव वेल्या आहे; ती जवळजवळ संपूर्णपणे तुओने उदाइना या एका वृद्धाकडून नोंदली गेली. मात्तेओ बार्तोली यांनी १८९७ मध्ये त्याला विचारून विचारून शब्द, वाक्ये आणि आठवणी टिपल्या. उदाइनाने ती भाषा आईवडिलांचे आपसातले बोलणे ऐकून उचलली होती, बोलायला सोबती न उरून अनेक वर्षे झाली होती, ऐकू कमी येत होते आणि दात पडलेले होते; म्हणजे ज्या उच्चारांवर आपण फांद्या ठरवणार, ते उच्चार असे आपल्यापर्यंत आले. १० जून १८९८ रोजी तो एका स्फोटात मरण पावला, आणि बार्तोलींचा ग्रंथ १९०६ मध्ये निघाला.

दक्षिणेकडील रागुसा, म्हणजे आजचे दुब्रोव्निक, येथील बोलीचा पुरावा त्याहूनही थोडा आहे. फिलिप्पुस दे दिवेर्सिस या शाळामास्तरांनी १४४० मध्ये तिथल्या लोकांच्या तोंडचे चार शब्द लिहून ठेवले: भाकरीला 'पेन', वडिलांना 'तेता', घराला 'केसा' आणि करणे या अर्थी 'फाकिर'. यातला 'फाकिर' म्हणजे लॅटिन 'फाकेरे', आणि नुओरोकडे आजही 'फाकेरे' म्हणतात. तुम्ही वाचलेला क तो हाच. पण दोघींनी तो नव्याने घडवलेला नाही, दोघींकडे तो लॅटिनमधून जसा आला तसाच पडून राहिला. त्यामुळे या शब्दावरून त्यांना एका फांदीवर बसवता येत नाही. डाल्मेशनची रेघ तुम्ही इटालियन आणि रुमानियन यांच्या मधून, दोघींनाही न जोडता, तुटक काढावी.